चालक मर्ल, पर्यायी लोवेल

फ्रीजच्या दारावर मर्लने एक नवा कागद चिकटवला होता. आर्डिसने तो वाचला आणि हातातला दुधाचा कॅन ओट्यावर असा आपटला की त्याचं झाकण उडून सिंकमध्ये पडलं.

शेजारचा जुना कागद तिचाच होता. एप्रिलचे सोळा दिवस आणि सात वाळवंटी उद्यानं. सग्वारोपासून सुरुवात, मग जोशुआ ट्री, डेथ व्हॅली, झायन, ब्राइस, कॅपिटल रीफ आणि शेवटी आर्चेस. कुठल्या दिवशी कुठे मुक्काम, पाणी कुठे भरायचं, पेट्रोल कुठे संपत आलेलं असेल, सगळं तिने लिहून काढलं होतं. नव्या कागदावर मर्लच्या ठसठशीत अक्षरात मथळा होता, 'कामाची वाटणी'. त्याखाली लिहिलं होतं, 'चालक: मर्ल. पर्यायी चालक: लोवेल.' मग एक ओळ सोडून, 'आर्डिस: स्वयंपाक, नकाशा, गाडी मागे घेताना हातवारे, घाण पाण्याची टाकी रिकामी करणे.'

लोवेल म्हणजे मर्लचा थोरला भाऊ. तो या प्रवासाला येणार आहे हे आर्डिसला त्या घटकेपर्यंत कुणी सांगितलेलं नव्हतं. फ्रीजला माहीत होतं, तिला नव्हतं.

आता ही आर्डिस कोण, ते ऐका. बेकर्स फोर्क गावच्या शाळेची पिवळी बस तिने तेहतीस वर्षं चालवली. चाळीस फूट लांब गाडी, नेब्रास्कातले कच्चे रस्ते आणि सहा महिने बर्फ. शेतघराच्या अंगणात रस्ता संपला की तेवढी बस मागे घेऊन वळवायची, आणि ते करताना कुणाचं कुत्रं नाही चिरडलं की कुणाचं कुंपण नाही पाडलं. एका मार्चमध्ये भर दुपारी वादळ आलं आणि समोरचं बॉनेट दिसेना, तेव्हा एकेचाळीस पोरं घेऊन ती ताशी पाच मैलांनी गावात परत आली. निवृत्तीच्या दिवशी शाळेने तिला एक फळी दिली, तिच्यावर तिचं नाव पितळेत कोरलेलं. ती फळी अजून दिवाणखान्यात आहे, मर्लच्या खुर्चीच्या अगदी समोर. रोज संध्याकाळी तो तिच्याकडे बघत बातम्या ऐकतो. आणि या बाईच्या वाट्याला काय, तर टाकी.

जन्मभर मर्लने गावच्या धान्यकोठारात काम केलं. पिकअपपेक्षा मोठं काही त्याने हाकलेलं नाही. नोव्हेंबरात लिंकनला जाऊन त्याने या प्रवासासाठी एक एकतीस फुटी मोटारहोम, म्हणजे चाकांवरचं घरच, आणलं. आत पलंग, शेगडी, संडास, जेवायचं टेबल, सगळं जुनं पण धडधाकट. मागचा कॅमेरा तेवढा बंद. "दुरुस्त करू," असं तो नोव्हेंबरात म्हणाला होता आणि आता फेब्रुवारी संपत आला होता. गाडी अंगणात उभी होती. दर शनिवारी मर्ल आत जाऊन इंजिन दहा मिनिटं सुरू ठेवायचा आणि परत यायचा. थंडीत कशाला बाहेर काढायची, असं त्याचं म्हणणं, आणि आर्डिसला ते पटलंही होतं.

संध्याकाळी लोवेल आला. आर्डिसने चिली, म्हणजे राजमा-खिम्याचा तिखट रस्सा, केली होती आणि सोबत दालचिनीचे रोल, कारण फेब्रुवारीतल्या मंगळवारी या घरात दुसरं काही होत नाही. लोवेलने कोट काढायच्या आधी रोल उचलला.

"मर्ल, मी काय म्हणतो," तोंडात घास ठेवून लोवेल म्हणाला, "ते कॅपिटल रीफला दोन रात्री कशाला? तिथे आहे काय?"

"फळबागा आहेत," आर्डिस म्हणाली. "लाल डोंगरांच्या मधोमध. एप्रिलमध्ये फुललेल्या असतात. मला तिथे खुर्ची टाकून दोन दिवस बसायचंय."

"बसायला घरी खुर्च्या नाहीत का?" लोवेल हसला. "एक रात्र तिथली कापा. ती वेगासला टाकू. तिथे एक जेवणाची जागा आहे, एकदा पैसे द्यायचे आणि मग खेकडे खा, नाही तर मटण खा, कुणी विचारत नाही."

मर्लने फ्रीजवरून आर्डिसचा कागद काढून टेबलावर ठेवला आणि पेन्सिल घेऊन त्यावर वाकला. आर्डिसने त्याच्या हाताकडे पाहिलं. पेन्सिल खरंच कॅपिटल रीफवर टेकली होती.

"मर्ल, पेन्सिल उचल."

"अगं, नुसतं बघतोय. उद्यानाचा शिक्का तर एका दिवसातही मिळतो." मर्लकडे एक छोटी निळी वही होती. प्रत्येक उद्यानाच्या कचेरीत जाऊन तीत तारखेचा शिक्का मारून घ्यायचा, हा त्याचा छंद. आजवर चारच शिक्के जमले होते, पण वहीला त्याने प्लास्टिकचं कव्हर घातलं होतं.

"शिक्का मिळतो, पण बाग दिसत नाही. आणि मला आधी हे सांग, लोवेल कशाला येतोय?"

मर्लने लोवेलकडे पाहिलं. लोवेलने रोलकडे पाहिलं.

"दुसरा चालक नको का?" मर्ल म्हणाला. "एवढा लांबचा पल्ला."

"दुसरा चालक या टेबलाशी बसलाय. तुझ्या डाव्या हाताला."

"अगं, बस वेगळी, हे वेगळं."

"काय वेगळं? बसमध्ये संडास नव्हता, एवढंच ना?"

"तसं नाही. याचं वजन मागे असतं. वारा लागतो. लोवेलला मोठ्या गाड्यांची सवय आहे."

लोवेलने एक्याऐंशी आणि ब्याऐंशी सालच्या दोन उन्हाळ्यांत खताचा ट्रक चालवला होता. त्यातला दुसरा उन्हाळा अर्धाच, कारण जुलैत त्याने तो ट्रक कालव्यात घातला. ही गोष्ट गावात सगळ्यांना माहीत आहे. आर्डिसच्या तोंडावर ती आली होती, पण लोवेलने त्याच क्षणी तिचा हात थोपटला.

"तू कशाला दगदग करून घेतेस, आर्डिस? तेहतीस वर्षं केलंस की. आता आरामात बस, बाहेर बघ, आम्हा दोघांना सँडविच करून दे."

तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. थोपटला गेलेला हात तिने टेबलाखाली घेतला. "आणि टाकी?" तिने विचारलं. "टाकीही आरामातच रिकामी करू का?"

"ते काय, पाइप लावायचा आणि झडप ओढायची," मर्ल म्हणाला. "तू नीटनेटकी आहेस. म्हणून तुझं नाव घातलं."

ऑक्टोबरात या नीटनेटक्या बाईने काय केलं होतं, ते मर्ल पार विसरला होता. त्या उद्यानांतल्या जागा सहा महिने आधी सुटतात, सकाळी आठच्या ठोक्याला, आणि पापणी लवायच्या आत संपतात. एका एका मुक्कामासाठी आर्डिस पहाटे उठून कॉफी घेऊन संगणकासमोर बसत होती, बोट बटणावर ठेवून, नजर घड्याळावर. कॅपिटल रीफची ती बागेशेजारची जागा तिला तिसऱ्या सकाळी मिळाली. त्या वेळी मर्ल घोरत होता. आनंदाने तिने त्याला उठवलं, तर तो म्हणाला, "बरं झालं," आणि कूस बदलली.

रविवारी उपासना संपल्यावर चर्चच्या मैदानात सराव ठरला. आमच्याकडे मोटारहोम घेणारं प्रत्येक जोडपं एकदा तरी हा सराव करतं, आणि चर्चच्या तळघरात कॉफी पिणारी मंडळी तो खिडकीतून बघतात. चार नारिंगी शंकू मांडायचे, त्यांच्यामध्ये गाडी मागे घालायची. एकाने स्टिअरिंगवर बसायचं, दुसऱ्याने मागे उभं राहून हातवारे करायचे. या हातवाऱ्यांवरून गावात दोन लग्नं मोडता मोडता राहिली आहेत. नियम एकच आणि तो सगळ्यांना पाठ असतो, की मागचा माणूस आरशात दिसेनासा झाला तर गाडी तिथल्या तिथे थांबवायची. मग तो घसरून पडलेला असो की शिंकायला वळलेला.

आर्डिसने बसवरचं जुनं चमकतं जॅकेट घातलं आणि मागे जाऊन उभी राहिली. मर्ल किल्ली घेऊन आला आणि ती त्याने लोवेलच्या हातात दिली.

"तू नाही चालवत?" तिने ओरडून विचारलं.

"आधी लोवेल दाखवतोय," मर्ल म्हणाला आणि शेजारच्या सीटवर जाऊन बसला.

गाडी हलली. आर्डिसने डावा हात वर केला, म्हणजे डावीकडे घे. गाडी उजवीकडे गेली. तिने दोन्ही हात उभे केले, म्हणजे थांब. गाडी थांबली नाही, पहिला शंकू चाकाखाली गेला. आरशात तिला लोवेलचा चेहरा दिसत होता, आणि तो चेहरा तिच्याकडे नव्हताच, मर्लकडे वळलेला होता. दोघं कशावर तरी हसत होते. वेगासच्या खेकड्यांवर असेल.

तिने पुन्हा हात उभे केले. मग एकच हात. मग नुसती उभी राहिली. गाडी येतच होती, गोगलगाईसारखी, पण येत होती. आर्डिसच्या मनात विचार आला, मी इथे हात हलवते आहे ते कुणासाठी? तिने हात खाली घेतले, चार पावलं बाजूला झाली, आणि तिथून सरळ तळघराच्या पायऱ्या उतरून आत गेली. पाळकांच्या बायकोने तिला कॉफी ओतून दिली.

"झालं सुद्धा?" पाळकांच्या बायकोने विचारलं.

"माझं झालं," आर्डिस म्हणाली. "ते दोघं अजून मागे येतायत."

कॉफीचे तीन घोट झाले. चौथ्याला बाहेर धाडकन आवाज आला आणि खिडक्यांपाशी सगळे एकदम उभे राहिले. मोटारहोमने चर्चची सूचनांची पाटी आडवी केली होती. 'रविवारी चिली, सर्वांचे स्वागत' या मजकुराची काळी अक्षरं बर्फात विखुरली होती. गाडीची मागची शिडी आत वाकली होती. लोवेल खाली उतरून पाटीकडे असा बघत होता, जणू पाटीच चालत त्याच्या अंगावर आली.

आर्डिस कप घेऊन बाहेर आली.

"अगं, तू हात का नाही केलास?" मर्ल ओरडला. त्याचे कान लाल झाले होते. "मागे कुणी उभं राहायला नको का?"

"मी केव्हाची गेले, मर्ल?"

"काय?"

"साधा प्रश्न आहे. मी आरशातून केव्हा गेले?"

मर्लने लोवेलकडे पाहिलं.

"त्याला काय विचारतोस? त्याला माहीत नाही. तुलाही माहीत नाही. मी आत गेले, कॉफी घेतली, साखर घातली, ढवळली, तीन घोट प्यायले. पाच वर्षांच्या पोराला मी बसच्या दारात सांगायचे, मी तुला दिसत नसेन तर हलू नकोस. पाच वर्षांच्या पोराला ते कळायचं."

"आर्डिस, सगळे बघतायत," लोवेल हळूच म्हणाला.

"बघू देत! तुम्ही दोघं सोडून सगळे बघतायत, हेच तर म्हणतेय मी." तिने हात पुढे केला. "किल्ली."

लोवेलने किल्ली दिली. ती गाडीत चढली, दोन्ही आरसे आपल्या उंचीला लावले, गाडी पाटीवरून अलगद पुढे घेतली आणि एकटीच घरी निघून गेली. दोघे भाऊ लोवेलच्या पिकअपमधून मागून आले.

घरी आल्यावर तिने फ्रीजवरचा 'कामाची वाटणी' कागद काढला आणि मर्लच्या ताटाशेजारी ठेवला.

"हे बघ," ती म्हणाली. "साती ठिकाणच्या जागा माझ्या नावावर आहेत. ज्याच्या नावावर जागा, तो माणूस हजर नसेल तर दारावरून परत पाठवतात. म्हणजे माझ्याशिवाय तुम्ही दोघं कुठेच जाऊ शकत नाही. आणि मला, मर्ल, तुम्ही दोघंही लागत नाही. नऊ एप्रिलला मी निघणार. या कागदावर जे लिहिलंय तसं असेल, तर एकटी निघणार."

मर्लने काटा खाली ठेवला. सोमवारी दुपारी तो घरात दिसेना म्हणून आर्डिसने खिडकीतून पाहिलं, तर तो अंगणातल्या मोटारहोममध्ये चालकाच्या जागी बसला होता. इंजिन बंद होतं. दोन्ही हात स्टिअरिंगवर होते.

कोट घालून ती गेली आणि शेजारच्या सीटवर बसली. आत गोठवणारी थंडी होती.

"लिंकनहून आणली त्या दिवशी," मर्ल पुढे बघत म्हणाला, "मी तीन तास उशिरा आलो होतो."

"ट्रॅफिक होतं म्हणालास. नेब्रास्कात ट्रॅफिक! मला तेव्हाच हसू आलं होतं."

"कर्नी शहराच्या अलीकडे वारा सुटला. एक मोठा ट्रक शेजारून गेला आणि गाडी ओढली गेली. मी बाजूला घेतली, ती घेतलीच. पुन्हा रस्त्यावर घालायचा धीर होईना. दीड तास तसाच बसलो." तो थांबला. "मग लोवेलला फोन केला. तो कुणाच्या तरी गाडीतून तिथे आला आणि त्याने ही गाडी आणली. वेशीपाशी तो उतरला. तिथून पुढे मी चालवली. तेवढीच."

नोव्हेंबरात आपण दारात उभं राहून टाळ्या वाजवल्या होत्या, ते आर्डिसला आठवलं.

"मला का नाही फोन केलास?"

"तुला केला असता तर तू आली असतीस आणि चालवली असतीस."

"मग?"

"मग काय. तेच."

"म्हणजे मी ती नीट चालवली असती, म्हणून मला नाही बोलावलंस?"

मर्लने होकाराची मान हलवली. आर्डिसला वाटलं होतं की हे ऐकून आपला राग उतरेल. तो उतरला नाही, उलट त्याला नेमकी जागा सापडली.

"तुला भीती वाटली याचा मला राग नाही," ती म्हणाली. "भीती मलाही वाटायची. त्या वादळात मी पोरांना गाणी म्हणायला लावली होती, ती माझे दात वाजतायत ते ऐकू येऊ नये म्हणून. त्याचा राग नाही. पण ज्याने ट्रक कालव्यात घातला, त्याला तू बोलावलंस. आणि मला टाकी दिलीस. ते मी विसरणार नाही. एप्रिलमध्येही नाही, बागेत बसूनही नाही."

"नको विसरूस," मर्ल म्हणाला. "पण मला ने."

ती उतरली आणि घरात गेली. संध्याकाळी तिने लोवेलला फोन करून सांगितलं की वेगासला रोज एक बस जाते आणि तिच्यात संडासही असतो. रात्रीच्या जेवणाला मर्लने स्वतः खिशातून पेन्सिल काढली, 'कामाची वाटणी' उलटी केली आणि कोऱ्या बाजूवर लिहिलं, 'टाकी: मर्ल.' बाकीचं पान त्याने तसंच ठेवलं आणि पेन्सिल तिच्यापुढे सरकवली. तिने ती घेतली नाही. "रविवारनंतर बघू," ती म्हणाली.

पुढच्या रविवारी तळघरातल्या खिडक्या आधीपासूनच भरल्या होत्या. मर्लने सकाळी पाटी दुरुस्त करून उभी केली होती, फक्त दोन अक्षरं बर्फात हरवली होती. तेच चार शंकू, त्यातला एक चपटा. आर्डिसचं चमकतं जॅकेट मर्लने घातलं होतं. ते त्याला पोटावर बसत नव्हतं. तो मागे जाऊन उभा राहिला, आणि खिडकीतून कुणीतरी शिट्टी वाजवली तरी हलला नाही.

आर्डिसने गाडी मागे घ्यायला सुरुवात केली. त्याने डावा हात वर केला, तिने डावीकडे घेतली. त्याने दोन्ही हातांनी 'ये, ये' केलं, ती आली. आरशात तो लहानसा दिसत होता, नाक लाल, तोंडातून वाफ, आणि सगळं लक्ष मागच्या चाकाकडे. शंकूंच्या मध्ये गाडी निम्मी शिरली होती.

आणि मर्ल नाहीसा झाला.

तिचा पाय ब्रेकवर कधी गेला हे तिलाही कळलं नाही. एकतीस फुटांची गाडी जागच्या जागी उभी राहिली आणि आतल्या कपाटातल्या बशा एकदा खणाणल्या. तिने हँडब्रेक ओढला आणि आरशात बघत राहिली. दार उघडणार तेवढ्यात मर्ल गाडीच्या आडून पुन्हा बाहेर आला. त्याच्या हातात तो चपटा शंकू होता. वाऱ्याने पडलेला शंकू उचलायला तो दोन पावलं बाजूला गेला होता, एवढंच.

त्याने गाडीच्या मागच्या बंपरकडे पाहिलं. बंपर त्याच्यापासून चांगला आठ फुटांवर होता; आपण दिसेनासे झालो त्या क्षणीच ती थांबली होती, हे त्याला कळलं. मग त्याने आरशात पाहिलं, तर ती त्याच्याकडेच बघत होती. मर्लने शंकू खाली ठेवला नाही, हातही वर केला नाही. खिडकीतल्या मंडळींना वाटलं, याला आता हातवारे आठवत नाहीत. तो तसाच उभा राहिला, आणि आर्डिसने त्याला घाई केली नाही.